बाबांच्या नावाने नाशिकला गंगेवर काही द्यायचंय, नेमकं काय द्यावं?

खारेगावकर

नमस्कार मंडळी, जरा सविस्तर लिहितेय, वेळ असेल तर वाचा आणि ज्यांना तिथली माहिती आहे त्यांनी नक्की सांगा.

बाबा नुकतेच गेले. दहावं-तेरावं ठाण्यातच केलं, पण अस्थी नाशिकला गोदावरीच्या रामकुंडातच सोडायच्या असं ते स्वतः सांगून गेले होते, त्यांच्या आईवडिलांच्याही तिथेच सोडलेल्या. भाऊ बाहेरगावी अडकला होता म्हणून ते राहिलं होतं, आता तो आलाय तर मे महिन्यात, पाऊस सुरू व्हायच्या आत सगळे गाडी करून जाऊन येतोय. आईचं एकच म्हणणं आहे, त्याच दिवशी गंगेवरच्या (तिकडे गोदावरीला गंगाच म्हणतात) गरिबांना बाबांच्या नावाने काहीतरी द्यायचं. अकरा हजार रुपये तिने पेन्शनमधून बाजूला काढलेत.

घरात प्रत्येकाचं वेगळं मत. भाऊ म्हणतो पुरीभाजीची पाकिटं वाटू, आत्या म्हणते ब्लँकेटं, नवरा म्हणतो एखाद्या संस्थेला ऑनलाइन टाका आणि मोकळे व्हा. मला मात्र मागे ऑफिसच्या ग्रुपबरोबर त्र्यंबकला गेले होते तेव्हा रामकुंडावर बघितलेली एक मुलगी डोळ्यासमोरून जात नाही. आठ-नऊ वर्षांची असेल. दोरीला स्पीकरमधलं काळं गोल लोहचुंबक बांधलेलं, ते ती पाण्यात लांब फेकायची, सावकाश ओढून घ्यायची आणि चिकटलेली नाणी काढून गालात ठेवायची, कारण फ्रॉकला खिसा नव्हता आणि दोन्ही हात दोरीला लागत होते. त्या पाण्यात काय काय सोडलेलं असतं ते आपण सगळे जाणतो. आजूबाजूला शंभर माणसं पूजा करत होती.

तर प्रश्न असा की ही माणसं कुठली, त्यांचं भागतं कशावर आणि त्यांना खरा उपयोग कशाचा होतो? मुलांच्या हातात पैसे द्यावेत का? आईला समाधान मिळावं हे आहेच, पण नुसतं आमच्या समाधानासाठी नको.

पंचवटी_ते_ऐरोली

ताई, बाबांना श्रद्धांजली. माझं सगळं लहानपण पंचवटीत गेलं, नोकरीमुळे आता ऐरोलीला असतो पण आई अजून तिकडेच आहे आणि ती कितीतरी वर्षं वस्त्रांतरगृहाच्या बाजूला बसून फुलांचे द्रोण विकायची, आता गुडघ्यांमुळे रोज नाही पण सणावाराला बसते. म्हणून थोडं जास्तच लिहितोय.

पहिलं म्हणजे घाटावर दिसणारा प्रत्येक जण भीक मागणारा नसतो, बहुतेक सगळे काहीतरी धंदा करतात. द्रोणवाल्या बायका पहाटे चारला उठून फुलबाजार गाठतात, झेंडू घेतात, वाती वळलेल्या असतात, सहाच्या आत जागा धरावी लागते नाहीतर दिवस गेला. आमच्या आईला माल घ्यायला पैसे नसायचे तेव्हा सकाळी हजार उचलायचे आणि रात्री अकराशे परत करायचे, पाऊस आला आणि गिऱ्हाईक फिरकलं नाही तरी शंभर जायचेच. आता २०२० पासून फेरीवाल्यांसाठी केंद्र सरकारची पीएम स्वनिधी योजना आलीय, धंद्यासाठी छोटं कर्ज मिळतं, पण त्याला विक्रेता म्हणून नोंद लागते आणि आज इथे उद्या तिथे बसणाऱ्या बाईकडे ती नसते, त्यामुळे ज्यांना सगळ्यात गरज आहे त्या अजून सकाळच्या हजारावरच आहेत.

पोरांचं सांगतो. एक-दोनची स्टीलची नाणी लोहचुंबकाला चिकटतात, पाचचं पितळी नाणं आणि दहाचं नाही चिकटत, त्यामुळे त्यासाठी बुडी मारून हाताने गाळ चाचपायला लागतो आणि ती कामं मोठी पोरं करतात. कानात पाणी जाऊन कान फुटलेली कितीतरी पोरं माझ्या वर्गात होती. काहीजण वाहून आलेले नारळ गोळा करून पुन्हा दुकानदाराला देतात, नारळामागे चार-पाच रुपये सुटतात. बायामाणसं घमेल्यात गाळ घेऊन धुतात, कधी सोन्याचा कण सापडतो, कारण मयताच्या तोंडात सोनं ठेवायची पद्धत आहे. हे ऐकायला कसंतरी वाटेल, पण त्या कणावर घरात किराणा येतो.

राहतात कुठे? काही वाघाडीच्या बाजूच्या वस्त्यांत, काही होळकर पुलाखाली, काही नुसत्या पटांगणावर. नाशिकचेच असतात असंही नाही. पेठ, सुरगाण्याकडचे लोक द्राक्षाच्या कामाला येतात, पेठरोडला मजूर अड्ड्यावर सकाळी उभे राहतात, काम मिळालं तर दिंडोरी-निफाडला जातात आणि नाही मिळालं तर घाटावर येऊन पडतात. म्हातारी माणसंही असतात, त्यातली काही घरच्यांनी आणून सोडलेली. त्यांच्याशी दोन मिनिटं बोललात तर ती तुमचा हात सोडत नाहीत.

आता उपयोगाचं. जेवण आणू नका असं नाही म्हणणार, पण पितृपक्षात आणि अमावस्येला गंगेवर इतकं अन्न वाटलं जातं की कुत्री पण खात नाहीत आणि मधल्या साध्या मंगळवारी कोणी विचारत नाही. ब्लँकेटं थंडीत प्रत्येक जण देतो, ठेवायला जागा नसते, मग तीच शंभर रुपयाला विकली जातात आणि देणाऱ्यांना राग येतो. विकतात कारण त्या दिवशी ब्लँकेटपेक्षा शंभर रुपये जास्त लागतात.

मे महिन्यात जाताय तर ताडपत्री द्या. जाड, कडांना रिंगा असलेली, बारा बाय पंधराची सात-आठशेला मिळते, रविवार कारंज्याच्या आसपास दुकानं आहेत. पहिला पाऊस पडला की ती नसलेल्या घराचं काय होतं ते मी बघितलंय, पीठ भिजतं, वह्या भिजतात, आणि सगळ्यांना रात्रभर उभं राहायला लागतं.

घोडबंदर७७

वरची माहिती चांगली आहे, पण रोख पैसे आणि लहान मुलं याबद्दल मी ठाम आहे. अजिबात देऊ नका. मुलाने दिवसाला दोनशे आणले की आईबाप त्याला शाळेत कशाला पाठवतील? आपण दयेपोटी दिलेल्या दहा रुपयांनी त्याचं शिक्षण थांबतं, हे मी ठाण्यात सिग्नलला रोज बघतो. भीक मागणं हा आपल्याकडे १९५९ च्या कायद्याने गुन्हा आहे हेही लक्षात घ्या. मूल संकटात दिसलं तर १०९८ ला फोन करा, चोवीस तास चालू असतो, बाकी पैसे द्यायचेच तर हिशोब देणाऱ्या संस्थेला द्या. भावना बाजूला ठेवून विचार करावा असं मला वाटतं, कारण प्रश्न त्या मुलाच्या पुढच्या चाळीस वर्षांचा आहे.

पंचवटी_ते_ऐरोली

दादा, १०९८ चं बरोबर आहे, मुलांच्या हातात नोट देऊ नये हेही मान्य. पण १९५९ चा कायदा इथे नका आणू. त्या कायद्यात माणसाला उचलून नेऊन डांबता येतं, आणि दिल्ली हायकोर्टाने २०१८ मध्ये तिथे त्यातली भिकेला गुन्हा ठरवणारी कलमं रद्द केली ती याचसाठी, की ज्याच्याकडे काहीच नाही त्याला त्या गोष्टीची शिक्षा कशी देणार. आणि त्या पोरीच्या मागे टोळी वगैरे नसते हो, तिची आई असते, ती पलीकडे द्रोण विकत असते आणि पोरीला घरी एकटं ठेवायला घर नसतं म्हणून बरोबर आणते. मी पण तसाच आईबरोबर असायचो. मी शिकलो कारण आमच्या मागे एक भाड्याची खोली होती आणि नगरपालिकेची शाळा पाच मिनिटांवर होती, एवढाच फरक.

नेरूळची_मास्तरीण

दोघांचंही पटतंय. मी प्राथमिकला शिकवते म्हणून एवढं सांगते, मुलाला पैसे नको हे म्हणणं सोपं आहे, पण मग त्याला द्यायचं काय त्याचं उत्तर आपल्या ठाण्यातच आहे. तीन हात नाक्याच्या उड्डाणपुलाखाली २०१६ पासून सिग्नल शाळा चालते, समर्थ भारत व्यासपीठ आणि ठाणे महापालिका मिळून चालवतात, कंटेनरमध्ये वर्ग आहेत. पुलाखाली राहणारी, गजरे-खेळणी विकणारी मुलं, बरीचशी पारधी समाजाची, दुष्काळी भागातून आलेली. तिथे मुलं आली की आधी आंघोळ, पोटात काहीतरी, मग पाटी. दहावी पास झालेली मुलं आहेत तिथली. शाळा मुलांच्या जागेवर गेली म्हणून हे झालं, मुलांना शाळेच्या जागेवर बोलवत बसले असते तर कोणी आलं नसतं.

आणि एक गोष्ट सगळ्यांनी लक्षात ठेवा, बऱ्याच पालकांना माहीतच नसते. शिक्षण हक्क कायदा २००९ चा आहे, सहा ते चौदा वयाच्या मुलाला जन्मदाखला नाही, आधीच्या शाळेचा दाखला नाही म्हणून प्रवेश नाकारता येत नाही, आणि वयानुसार वर्गात बसवायचं असतं. घाटावरच्या आईला हे कोणी सांगत नाही, ती शाळेत जाते, कागद मागितला की परत येते आणि पुन्हा कधी जात नाही. ताई, तुम्ही जाल तेव्हा त्या मुलीची आई भेटली तर तिच्याशी बसून बोला आणि जमलं तर तिच्याबरोबर शाळेच्या दारापर्यंत जा. शिकलेलं माणूस बरोबर असलं की तिथे बोलणं बदलतं, हे वाईट आहे पण खरं आहे. जूनमध्ये शाळा उघडतात, वेळ अगदी बरोबर आहे.

शहापूरकर

उशिरा लिहितोय पण राहवलं नाही. माणसांबद्दल सगळे बोलले, नदीबद्दल कोणी बोललंच नाही, आणि नदी खराब झाली की पहिला मार यांनाच बसतो.

नाशिकला दसऱ्याच्या आधी बायका गंगेवर गोधड्या धुवायला येतात. घरात नळाला पाऊण तास पाणी, दहा बाय दहाची खोली, ओली गोधडी दोघींना मिळून उचलायला लागते, ती धुवायची कुठे आणि वाळत घालायची कुठे? घाटाच्या पायऱ्यांवर. पण नदी प्रदूषित होते म्हणून त्यांच्या नावाने पावती फाटते. आणि नासर्डी, वाघाडीसारख्या नाल्यांतून शहराचं सांडपाणी बारा महिने येतं, खाली एकलहरे-ओढ्याकडे नदीवर पाणवेलींचा हिरवा गालिचा असतो, ती पावती कोणाच्या नावाने फाडायची? गोधडीच्या साबणाने नदी मेलेली नाही. मला हा अन्याय फार लागतो.

दुसरं, २००३ च्या सिंहस्थ कुंभमेळ्याच्या वेळी पात्रात काँक्रीट ओतलं, त्याने तळातले जिवंत झरे दाबले गेले. पुढे २०१६ च्या एप्रिलमध्ये रामकुंड कोरडं पडलं, टँकरने पाणी आणून ओतलं. त्याच वर्षी २ ऑगस्टला एवढा पूर आला की घाटावरची दुतोंड्या मारुतीची मोठी मूर्ती पाण्यात. नाशिककर पूर मारुतीच्या कमरेवर, छातीवर, गळ्यावर मोजतात, पण मारुतीच्या पायाशी पाणी आलं तेव्हाच घाटावर झोपणाऱ्याचा संसार गेलेला असतो. म्हणजे एकाच वर्षात आधी धंदा नाही कारण पाणी नाही आणि मग टपरीच नाही कारण पाणी आलं.

आता २०२७ च्या सिंहस्थाची कामं चालू आहेत. मागच्या वेळेला पर्वणीच्या दिवसांत बॅरिकेड लागले आणि रोज बसणाऱ्या बायकांना हलवलं. ज्या दिवशी सगळ्यात जास्त गिऱ्हाईक त्याच दिवशी त्यांना जागा नाही. गर्दीची काळजी घ्यायलाच पाहिजे, २७ ऑगस्ट २००३ ला सरदार चौकात चेंगराचेंगरीत तीसहून जास्त माणसं गेली, ते कोणी विसरू नये. पण पथविक्रेत्यांचा कायदा २०१४ पासून आहे, त्यात विक्रेत्यांची नोंद आणि बसायची जागा ठरवून द्यायची तरतूद आहे, तर पर्वणीची आखणी करताना यांचीही रांग आखा ना. 

याच नाशिकला २ मार्च १९३० ला बाबासाहेबांनी काळाराम मंदिराचा सत्याग्रह सुरू केला, दादासाहेब गायकवाड पुढे होते, रामनवमीच्या रथाच्या वेळी दगड खाल्ले लोकांनी, वर्षानुवर्षं लढा चालला आणि मंदिर तेव्हा उघडलं नाहीच. देवाच्या दारात उभं राहायचा हक्क माणसांनी एवढा रक्त सांडून मागितलाय त्या गावात, आणि आज त्याच पंचवटीत गरीब बाईला पायरीवरून उठ म्हणतात, हे मला सहन होत नाही.

आणि आपण ठाण्या-मुंबईचे लोक यापासून लांब नाही. त्र्यंबकच्या डोंगरात एका अंगाने गोदावरी उतरते आणि दुसऱ्या अंगाने वैतरणा, ती वैतरणा मुंबई पिते. आमच्या शहापूरचं भातसाचं पाणीही तुमच्याकडे येतं आणि धरणाच्या आजूबाजूच्या पाड्यांत उन्हाळ्यात बायका हंडे घेऊन उतरतात. त्याच डोंगरातले लोक मग काम शोधत एकीकडे भिवंडीच्या वीटभट्टीवर आणि दुसरीकडे नाशिकच्या घाटावर जातात.

ताई, एक छोटी विनंती. अस्थी सोडताना प्लास्टिकची पिशवी, गाठोड्याचं कापड, फोटो, हार पाण्यात टाकू नका, निर्माल्य कलशात टाका. द्रोण घेताना थर्माकोलचा किंवा चकचकीत कागदाचा नको, पळसाच्या पानाचा मागा. तो पाड्यावरची कुठलीतरी बाई काडीने टाचून बनवते, शेकड्याला फार थोडं मिळतं तिला, पण मागणी राहिली तर तेवढं तरी मिळत राहील.

घोडबंदर७७

शहापूरकर, गोधडीचा मुद्दा मी असा कधी ऐकला नव्हता, लिहिलंत ते बरं केलंत. सिग्नल शाळेजवळून मी रोज जातो, मास्तरीणबाई म्हणतात ते खरं आहे. संस्थेला द्यावं हे माझं मत कायम आहे, पण ताडपत्रीला माझा विरोध नाही, ती हातात पडते आणि उपयोगाला येते. फक्त गर्दीत उभं राहून वाटू नका ताई, ओढाओढ होते, म्हातारी माणसं मागे राहतात आणि दांडगे चार-चार घेऊन जातात. आधी माणसं ठरवा, मग द्या.

खारेगावकर

सगळ्यांचे मनापासून आभार. हा धागा आईला वाचून दाखवला. द्रोणवाल्यांच्या हजार-अकराशेच्या भागाला ती थांबव म्हणाली आणि पुन्हा वाचायला लावला, तिच्या माहेरी भाजीचा धंदा होता आणि तिथेही तसंच उचल घ्यायचे.

तर असं ठरलंय. दहा ताडपत्र्या घ्यायच्या. उरलेल्या पैशात म्हाताऱ्या माणसांना वाचायचे चष्मे आणि चपला बघायच्या, हे आईने स्वतः सुचवलं, मे महिन्यात ती फरशी किती तापते ते तिला माहीत आहे. पुरीभाजी नाही. भाऊ जरा नाराज होता पण तयार झालाय. द्रोण आम्ही एकाच बाईकडून जेवढे असतील तेवढे घेऊ, भाव न करता. आणि ती मुलगी दिसली तर मी आणि वहिनी तिच्या आईशी बोलणार आहोत, वहिनी बालवाडीत शिकवते, कायद्याचा तो कागद ती प्रिंट काढून घेतेय.

पंचवटीवाले दादा, एकच विचारायचंय. ताडपत्र्या कोणाला द्यायच्या हे आम्ही परकी माणसं कसं ठरवणार? तुमच्या आईला त्रास होणार नसेल तर त्या दाखवतील का घरं?

पंचवटी_ते_ऐरोली

त्रास कसला ताई, तिला बोलायला माणूस मिळेल. कालच फोनवर सांगितलं तिला, तिने लगेच नावं मोजायला सुरुवात केली, पुलाखालच्या दोन म्हाताऱ्या पहिल्या म्हणाली, त्यांना मुलंबाळं कोणी नाही. मी तुम्हाला वेगळा मेसेज टाकतो.

बुधवार सोडून या. बुधवारी घाटावर आठवड्याचा बाजार असतो, गाडी आत येत नाही आणि बायका धंद्यात असतात, बोलायला कोणाला वेळ नसतो. सकाळी आठच्या आत अस्थींचं आटपून घ्या, गुरुजींना दक्षिणा किती ते विधी सुरू व्हायच्या आधीच विचारा, मागाहून बोलणं अवघड जातं. मग ऊन चढायच्या आत आईबरोबर फिरा. ताडपत्र्या आदल्या दिवशी नका घेऊ, तिकडेच सकाळी दुकानं उघडली की घ्या, आई बरोबर असली की दुकानदार रिंगा नसलेली माथी मारत नाही.